'व्हॉइस ऑफ किशोर' वेगळा आणि एआयचा किशोर वेगळा

आमच्या फॅमिली ग्रुपवर आत्याने एक क्लिप टाकली, किशोरदांच्या आवाजात अलीकडचं एक गाणं, आणि खाली विचारलं हे त्यांनी कधी गायलं? किशोरकुमार 1987 ला गेले. मी म्हटलं एआय आहे, तर चुलतभाऊ म्हणतो त्यात काय एवढं, ऑर्केस्ट्रात पण 'व्हॉइस ऑफ किशोर' असतोच की.

इथेच गल्लत होते. ऑर्केस्ट्रातला माणूस समोर उभा असतो, निवेदक त्याचं नाव घेतो, वरच्या पट्टीत आवाज फाटला की कळतं गळा त्याचा स्वतःचा आहे, वर्षानुवर्षं ऐकून ऐकून घासलेला. तो किशोरदांच्या लकबी उचलतो. एआयच्या क्लोनमध्ये, म्हणजे आवाजाच्या हुबेहूब नकलेत, खऱ्या गायकाची रेकॉर्डिंग्ज सॉफ्टवेअरला देतात, ते आवाजाचा पोत शिकतं, मग कुणीही घरी बसून गायचं आणि त्यावर तो आवाज चढवायचा, म्हणजे गातोय एक, आवाज दुसऱ्याचा, आणि ज्याचा आवाज त्याला कुणी विचारलेलंच नाही. ऐकणाऱ्यालाही सांगत नाहीत, मला तर तेच जास्त खुपतं, कारण आत्याने त्या क्लिपखाली हात जोडले होते.

'आम्ही फॅन आहोत, प्रेमापोटी करतो' असं म्हणतात. रश्मिका मंदानाचा 2023 चा लिफ्टमधला डीपफेक, म्हणजे एआयने बनवलेला खोटा व्हिडिओ, आठवतो? जानेवारी 2024 मध्ये दिल्ली पोलिसांनी ज्याला पकडलं तो तिचंच फॅन पेज चालवायचा, पोलिसांच्या म्हणण्यानुसार फॉलोअर्स वाढवायला त्याने हे केलं. अंग दुसऱ्याच बाईचं, चेहरा हिचा, म्हणजे फसवलं दोघींना.

मुंबई हायकोर्टाने 2024 ला अरिजित सिंगच्या आणि 2025 ला आशाताईंच्या बाजूने आदेश दिले, परवानगीशिवाय एआयने कलाकाराचा आवाज बनवणं हा त्याच्या हक्कावर घाला आहे म्हणून.

आता एआय वापरलं म्हणजे चूकच, असंही मला वाटत नाही. ए. आर. रहमानने 'लाल सलाम' या तमिळ सिनेमाच्या एका गाण्यात बंबा बाक्या आणि शाहुल हमीद या दोन दिवंगत गायकांचे आवाज एआयने आणले, पण घरच्यांची परवानगी घेतली आणि मानधनही पाठवलं, तसं त्याने स्वतः जाहीर सांगितलं. उलट एस. पी. बालसुब्रह्मण्यम यांचा आवाज एका तेलुगू सिनेमात न विचारता वापरला म्हणून त्यांच्या मुलाने लीगल नोटीस पाठवली.

आत्याला हे सगळं फोनवर सांगितलं. ती जरा वेळ गप्प झाली, मग म्हणाली, "अरे, मी ती भजनी मंडळाच्या ग्रुपवर पण पाठवलीय, थांब, तिथे आधी लिहिते."