सूतगळ : ओळख, घ्यायची काळजी आणि सांधणी
(आमच्या ग्राहकांसाठी माहितीपत्रक)

विश्वाच्या ताण्यातला एखादा उभा धागा तुटून मागे लोंबू लागला की त्याच्या जागी लांबट, बारीक फट पडते. तिला सूतगळ म्हणतात. फट दिसताच विश्व फाटलं असं समजून पुष्कळ जण घरदार सोडून निघतात. तसं करण्याचं कारण नाही. शेजारचे धागे शाबूत असतात, बाणा, म्हणजे आडवा धागा, नेहमीसारखा येत असतो, आणि एक धागा कमी झाल्याने कापड काही सुटत नाही. मात्र सूतगळ आपोआप भरूनही येत नाही. बाणा वाहून नेणाऱ्या धोट्याच्या दर फेकीला विणकाम पुढे सरकतं आणि फट तेवढी लांबते. त्यामुळे ‘बघू पुढे’ म्हणून थांबू नका, लगेच कळवा.

ओळखायची कशी?

साध्या विणीत बाणा एका धाग्यावरून आणि पुढच्याच्या खालून जातो. धागा वर आला की त्याच्यावरचा तारा उजळतो, खाली गेला की मंदावतो. म्हणून लगतचे तारे आळीपाळीने उजळायला हवेत. २ शेजारी जोडीने उजळत आणि जोडीने मंदावत असतील, तर त्यांच्यामधला धागा गेला आहे. खरं तर हे दोघे पूर्वीही एकदमच उजळत होते. मधला उलट्या तालाने चालायचा, म्हणून ते नजरेत भरत नव्हतं.

इथे एक फसगत नेहमी होते. तुटलेल्या धाग्याचा तारा विझत नाही. तो मागे लोंबत राहतो आणि फटीतून दिसतो. ‘तारा जागेवर आहे, मग काय बिघडलं?’ असं वाटतं. पण तो अजिबात लुकलुकत नाही. स्थिर तारा दिसला तर उलट अधिक सावध व्हा.

काठाजवळ राहणाऱ्यांनी मात्र ही खूण लावू नये. काठ बळकट राहावा म्हणून तिथे धागे दुहेरी भरलेले असतात, तेव्हा तारे जोडीनेच उजळणार. तिरप्या विणीच्या भागातही ही खूण चालत नाही. तिथल्या ग्राहकांनी शंका आली तरी बोलवावं. आम्ही येऊन पाहून जाऊ.

आम्ही येईपर्यंत

लोंबणारा धागा ओढू नका. ओढला की पीळ उलगडतो आणि मग गाठ धरत नाही. तो कापूही नका. शेजारच्या धाग्याला बांधून ठेवणं तर सगळ्यात वाईट, आणि नेमकं तेच सर्रास केलं जातं. बांधलेले २ धागे एकदम उचलले जातात, धोट्याची वाट अडते आणि मग एकाऐवजी धाग्यांचा झुबकाच तुटतो. टोक शेजाऱ्यांत गुंतत असेल तर हलक्या हाताने बाजूला घेऊन धरा, एवढंच पुरे.

फटीत उभं राहून देणंघेणं ठरवू नका. बाणा म्हणजे आपला काळ, आणि फटीवर तो मोकळा तरंगतो, धाग्यात अडकत नाही. तिथला क्षण जरा लांबतो. ते सुखद वाटतं हे आम्हालाही मान्य आहे. पण तिथे ठरलेली गोष्ट एकाला आठवते आणि दुसऱ्याला नाही, अशी भांडणं आमच्यापर्यंत फार येतात. ती सोडवणं आमचं काम नव्हे.

सूतगळ का होते?

बहुतेक वेळा पाजणी, म्हणजे धाग्याला दिलेली खळ, झिजल्यामुळे. प्रखर सूर्यांच्या आसपास धागा कोरडा पडतो, त्याचे तंतू सुटतात आणि उभे धागे वेगवेगळे ठेवणाऱ्या फणीला घासून तो तुटतो. कधी ताण जास्त असतो, कधी जुनी जाड गाठ फणीच्या घरात अडकते. यात तुमचा दोष नसतो. अपवाद एकच : जड नांगर एकाच धाग्याला अडकवणं. तो नेहमी अनेक धाग्यांवर विभागून टाकावा.

सांधणी

मूळ धाग्याइतकीच जाडी आणि त्याच दिशेचा पीळ असलेलं सूत आम्ही आणतो. पीळ उलटा असेल तर त्या ओळीत उजेड वेगळा पडतो आणि तो दोष कायम राहतो. ताणा गुंडाळलेल्या तुळईकडून येणाऱ्या टोकाला चपटी गाठ मारून नवं सूत वहीच्या, म्हणजे धागे वरखाली करणाऱ्या दोरीच्या, डोळ्यातून आणि फणीच्या त्याच घरातून ओवतो, पुढे ताणून धरतो. काही फेकींत बाणा त्याला घट्ट पकडतो. मग उरलेलं शेपूट कापतो. गाठ फणीतून पुढे जाईल तेव्हा हलका हिसका बसेल. तेवढ्यापुरतं लहान मुलांना जवळ घ्या.

सांधणी लागू होते ती इथून पुढच्या विणकामाला. आधी विणून गेलेली फट सुईने रफू करावी लागते. रफूने कापड भक्कम होतं, पण त्या फटीवरून निसटलेले क्षण परत येत नाहीत. ते आणून देतो म्हणणारे भेटतील. आम्ही तसं काम घेत नाही. ज्या जागेवर पुढे वजन येणार असेल तिथेच रफू करा, बाकीची फट राहू दिली तरी चालते, असं आमचं मत आहे. सांधणीची मजुरी फटीच्या लांबीवर ठरत नाही, रफूची ठरते.

कळवताना जोडीने उजळणारे २ तारे कोणते, मधला तारा दिसतो की नाही, आणि काठ तुमच्या कोणत्या हाताला येतो हे सांगा. काठाची बाजू चुकली तर आम्ही कापडाच्या उलट अंगाला पोहोचतो, आणि तिथून वळसा घालून यायला बराच वेळ जातो.