स्वतः बनवलेली मंत्रलिपी युनिकोडमध्ये आणायचीय? पात्रता, कागदपत्रं आणि अर्ज कसा करायचा

कथेसाठी, गेमसाठी किंवा नुसत्या हौसेपोटी बऱ्याच जणांनी स्वतःची मंत्राक्षरं बनवलेली असतात, एकदा लिहिली की काळ त्यांना पुसू शकणार नाही अशी त्यामागची कल्पना. ही कल्पना खरी करायची तर आज युनिकोडइतका पक्का मार्ग दुसरा नाही. युनिकोड म्हणजे जगभरातल्या लिप्यांच्या प्रत्येक चिन्हाला कॉम्प्युटरसाठी ठरलेला क्रमांक देणारं स्टँडर्ड. एखाद्या चिन्हाला तिथे कोड पॉइंट म्हणजे असा क्रमांक मिळाला की ते पुन्हा काढून टाकत नाहीत, त्याची जागा बदलत नाहीत आणि अधिकृत नावसुद्धा बदलत नाहीत, हा नियम २.० आवृत्तीपासून म्हणजे १९९६ पासूनच्या सगळ्या आवृत्त्यांना लागू आहे. एका उभ्या मजकुराच्या कंसाच्या नावात 'ब्रॅकेट'च्या स्पेलिंगची दोन अक्षरं उलटी पडली, ती चूक आजही तशीच आहे, सोबत फक्त दुरुस्त नाव उपनाव म्हणून दिलंय. म्हणून अर्ज करायच्या आधी प्रत्येक चिन्हाचं नाव दहादा तपासा, नंतर काही करता येत नाही.

आता पात्रता. अर्ज कोणीही करू शकतं, युनिकोड चालवणाऱ्या संस्थेचं सभासद असायची गरज नाही आणि प्रपोजल पाठवायला फीसुद्धा नाही. पात्रता बघतात ती चिन्हांची. तुमच्याशिवाय दुसरं कोणी ही लिपी वापरतं का, त्यात काही छापलंय का, लोक एकमेकांना त्यात लिहितात का, हे मुख्य प्रश्न. लिपी नवी बनवलेली आहे म्हणून नाकारतात असं अजिबात नाही. फुला भाषेसाठी गिनी देशातल्या दोन भावांनी १९८०च्या दशकाच्या शेवटी अदलाम लिपी तयार केली, ती लोकांनी उचलून धरली आणि २०१६ मध्ये ९.० आवृत्तीत आली. इंग्रजीसाठी बनवलेली डेझरेट लिपी २००१ मध्ये आणि शेव्हियन २००३ मध्ये आली. उलट 'स्टार ट्रेक' मालिकेतल्या क्लिंगॉन भाषेच्या लिपीचं प्रपोजल २००१ मध्ये नाकारलं गेलं, कारण ती भाषा वापरणारे लोकसुद्धा लिहिताना रोमन अक्षरंच वापरत होते. जादूशी संबंध असल्यामुळेही काही अडत नाही. किमयागारांची चिन्हं २०१० मध्ये ६.० आवृत्तीत आली, त्यांचं प्रपोजल न्यूटनची किमयेवरची हस्तलिखितं डिजिटल करणाऱ्या प्रकल्पातल्या लोकांनी दिलं होतं, म्हणजे जुन्या कागदांवरची ती चिन्हं कॉम्प्युटरवर टाइप करायची खरी गरज त्यांच्यापुढे होती. तुमच्या प्रपोजलमध्ये अशी गरज दिसली पाहिजे.

एकट्याची खाजगी चिन्हं, लोगो, ट्रेडमार्क हे घेत नाहीत. लिपी दुसऱ्या कोणाच्या कलाकृतीतली असेल तर हक्कांचा प्रश्न आधी मिटवा. आणि इमोजीचा अर्ज पूर्ण वेगळा असतो, तो यात मिसळू नका.

कागदपत्रांमध्ये सगळ्यात महत्त्वाचे वापराचे पुरावे. छापील पानं, हस्तलिखितं, पत्रं, पाट्या, फोटो, जे असेल ते स्कॅन करून लावा आणि प्रत्येकाखाली ते कुठलं, कधीचं, कोणी लिहिलंय ते द्या, कारण नमुने सगळे एकाच हातचे दिसले की प्रपोजल तिथेच कमजोर पडतं. मग चिन्हांचा तक्ता, प्रत्येकाचं नाव, लिहायची दिशा, कोणतं चिन्ह अक्षर आणि कोणतं अंक किंवा विराम, वर्णक्रम काय, दोन चिन्हं जोडून आली की आकार बदलतो का, हे सगळं लिहावं लागतं. तक्ता छापण्यासाठी फॉन्ट द्यावा लागतो, त्याचं लायसन्स स्पष्ट हवं. सोबत प्रपोजल समरी फॉर्म भरायचा, त्यात लिपी वापरणाऱ्या लोकांशी तुम्ही बोललात का हाही प्रश्न असतो, आणि तो नीट भरा, कारण पुढची बरीच चर्चा त्यावरच होते.

हे सगळं पीडीएफ करून युनिकोडकडे पाठवलं की त्याला दस्तऐवज क्रमांक मिळतो आणि ते सगळ्यांना वाचता येतं. आधी लिप्या तपासणारा तज्ज्ञांचा गट शेरे देतो, मग तुम्ही सुधारून पाठवता, मग पुन्हा शेरे, आणि शेवटी वर्षातून चार वेळा भरणाऱ्या तांत्रिक समितीत निर्णय होतो. युनिकोड आणि आयएसओ या आंतरराष्ट्रीय मानक संस्थेचं १०६४६ हे स्टँडर्ड जोडीनं चालतं, त्यामुळे तिकडचीही प्रक्रिया असते. अर्जापासून चिन्हं प्रसिद्ध आवृत्तीत येईपर्यंत दोन वर्षं सहज जातात, जास्तही लागतात. शेरे आले म्हणून खचू नका, सुधारणा मागितली याचा अर्थ कोणीतरी तुमची लिपी मन लावून वाचली.

वापरणारे लोक अजून कमी असतील तर सध्या अर्ज करू नका, आधी प्रायव्हेट यूज एरिया वापरा. युनिकोडच्या मुख्य विभागात त्यासाठी ६,४०० जागा राखून ठेवल्यात, तिथे कोणीही स्वतःची चिन्हं बसवू शकतं, परवानगी लागत नाही. फक्त त्या जागांना ठरलेला अर्थ नसतो, समोरच्याकडे तुमचा फॉन्ट नसेल तर त्याला रिकामे चौकोन दिसतील किंवा भलतंच चिन्ह दिसेल, म्हणून त्यात लिहिलेला प्रत्येक मजकूर फॉन्टसकट आणि रोमन किंवा देवनागरी लिप्यंतरासकट जपून ठेवा. हाच साठा पुढे पुरावा म्हणून लावता येतो.

मंजुरी मिळाली तरी युनिकोड देतं ते कोड पॉइंट, नाव आणि गुणधर्म. फोनवर टाइप करायचा कीबोर्ड आणि लोकांना सहज मिळेल असा फॉन्ट हे तुमच्याकडच्याच कोणीतरी करायचं असतं, ते काम प्रपोजल चालू असतानाच हातात घ्या.