मार्क फेरो : टीव्हीवरचा इतिहासकार

मार्क फेरो (२४ डिसेंबर १९२४ – २१ एप्रिल २०२१) हे फ्रेंच इतिहासकार. अभ्यास मुख्यतः रशियन क्रांतीचा, पण फ्रान्समधल्या घराघरात ते ओळखले जायचे ते टीव्हीवर जुनी न्यूजरील, म्हणजे थिएटरात सिनेमाआधी दाखवले जाणारे बातमीपट, दाखवून त्यावर बोलणारे म्हणून, आणि ती ओळख त्यांनी कष्टाने कमावलेली होती.

जन्म पॅरिसचा. आई ज्यू, तिला नाझींनी ऑश्विट्झला नेलं, तिथून ती परत आली नाही. फेरो स्वतः १९४४ मध्ये आग्नेय फ्रान्समधल्या वेर्कोरच्या पठारावर रेझिस्टन्समध्ये, म्हणजे नाझींविरुद्धच्या भूमिगत लढ्यात होते. पुढे १९४८ ते १९५६ अल्जीरियात, ओरान शहरात शिकवायला होते, म्हणजे वसाहतवाद त्यांनी वर्गात उभं राहून रोज बघितलाय. शिक्षकभरतीची फ्रान्समधली मानाची परीक्षा, आग्रेगासियों, अनेकदा देऊनही पास झाले नाहीत, तरी मोठे इतिहासकार फेर्नां ब्रोदेल यांनी त्यांना 'आनाल' या इतिहासाच्या नामांकित नियतकालिकाच्या कामात घेतलं आणि तिथून गाडी रुळावर आली.

पडद्याशी नातं जुळलं १९६४ मध्ये, पहिल्या महायुद्धाला ५० वर्षं झाली तेव्हाच्या एका डॉक्युमेंटरीमुळे. त्या काळात इतिहासकार लोक फिल्मला पुरावा मानायलाच तयार नसत, कागदपत्रं म्हणजे इतिहास आणि सिनेमा म्हणजे करमणूक असा हिशोब. फेरोंचं म्हणणं वेगळं होतं. कॅमेरा कुणाचा, तो कुठे उभा केला, काय गाळलं, हे सगळं वाचता येतं, आणि खोटी फिल्मसुद्धा ती बनवणाऱ्याबद्दल खरं सांगून जाते.

हेच त्यांनी 'इस्त्वार पारालेल' म्हणजे 'समांतर इतिहास' या कार्यक्रमात करून दाखवलं. १९८९ मध्ये 'ला सेत' या फ्रेंच चॅनलवर सुरू झाला, नंतर 'आर्ते' या फ्रेंच-जर्मन चॅनलवर गेला, २००१ पर्यंत चालला. कल्पना इतकी साधी की आधी कुणाला कशी सुचली नाही असं वाटतं: बरोब्बर ५० वर्षांपूर्वी त्या आठवड्यात थिएटरात जे बातमीपट दाखवले गेले तेच आज लावायचे, जर्मन एक आणि त्याच आठवड्याचा फ्रेंच किंवा ब्रिटिश, सोव्हिएत, अमेरिकन दुसरा, आणि मग फेरो पाहुण्याबरोबर बसून त्यावर बोलणार. म्हणजे १९३९ पासून सुरुवात करून पार १९५१, शीतयुद्धापर्यंत. कार्यक्रमाचं खरं बळ मला यात दिसतं की पडद्यावरच्या त्या निवेदकाला पुढच्या आठवड्यात काय होणार हे माहीतच नाही, तो ठासून बोलतोय, आणि बघणाऱ्याला शेवट माहीत आहे. फेरो मधे मधे तोडत नसत, आधी बघू देत, मग बोलत.

या बातमीपटांचा मूळ प्रेक्षकही काही भोळा नव्हता बरं का. जर्मनांच्या ताब्यातल्या पॅरिसमध्ये सुरुवातीला जर्मनांनीच बनवलेली न्यूजरील फ्रेंच निवेदन लावून दाखवायचे, आणि लोक अंधारात हुर्यो उडवायला लागले म्हणून न्यूजरील चालू असताना थिएटरातले दिवे अर्धे लावून ठेवायची वेळ आली. १९४२ पासून 'फ्रान्स आक्त्युआलिते' हे फ्रेंच न्यूजरील आलं, पण तेही जर्मन नजरेखालीच. अशा गोष्टी माहीत असल्या की तीच फिल्म वेगळी दिसायला लागते.

टीव्हीबाहेरही लिखाण भरपूर. युद्धकाळात नाझींशी हातमिळवणी करणाऱ्या फ्रेंच सरकारचे प्रमुख मार्शल पेतँ यांचं चरित्र १९८७ चं, त्यावरून १९९३ मध्ये सिनेमाही आला. वेगवेगळ्या देशांत शाळेतल्या मुलांना इतिहास कसा सांगतात यावर १९८१ मध्ये पुस्तक काढलं, त्यात भारतावरही प्रकरण आहे, पाठ्यपुस्तकांवरून आपल्याकडे होणारी भांडणं बघता मराठी वाचकाने ते तरी जरूर वाचावं. कार्यक्रम बंद झाला तेव्हा ते ७६ वर्षांचे होते, पण बोलणं-लिहिणं थांबलं नाही, २००७ मध्ये, ऐंशी ओलांडल्यावर, त्यांनी इतिहासात साचून राहिलेल्या सूडभावनेवर आख्खं पुस्तक लिहिलं.