बडोद्याच्या वाड्यांतील रंगीत लाकूड आणि पाऊस: पार्श्वभूमी

बडोद्यात दांडिया बाजार, रावपुरा आणि मांडवीच्या परिसरातील जुन्या घरांच्या खिडक्या, सज्जे आणि खांब बहुतांशी सागाचे आहेत, आणि पावसाळ्याचे चार महिने झड त्यांच्यावर येतच राहते. हे लाकूड पाण्यापासून जपण्याची पहिली जबाबदारी पूर्वी सुतार उचलत असे: वळचण पुढे काढायची आणि सागाचा पक्का गाभाच वापरायचा. त्यावर जवसाच्या तेलाचा हात फिरे. हे तेल आधी लाकडात मुरते आणि मग हवेतला प्राणवायू घेऊन घट्ट होते. त्यामुळे त्याचे पोपडे सुटत नाहीत, मात्र ते पुनःपुन्हा लावावे लागते. याच तेलात सफेदा किंवा शेंदूर घोटून तैलरंग होत असे आणि खडूची पूड मळून फटी बुजवण्याची लांबी. बडोद्याजवळच्या संखेड्यात रंगीत लाकडावर लाखेचा लेप देण्याची कला नांदते. पण लाख ओलाव्याने पांढुरकी पडते, म्हणून ती घराच्या आतच शोभते.

१९०२ मध्ये हावड्याला शालिमारचा रंगकारखाना निघाला. पुढे १९२०च्या दशकात विकसित झालेल्या अल्किड या कृत्रिम राळेवर सिंथेटिक एनामेल हा रंग आधारलेला आहे. तो लवकर वाळतो, चकाकतो आणि धुताही येतो, म्हणून तेलाचा हात मागे पडला. माझ्या मते जुन्या लाकडाचे हाल इथूनच सुरू झाले. उन्हात हा थर वर्षानुवर्षे कडक होत जातो, लाकूड मात्र पावसाळ्यात फुगते आणि उन्हाळ्यात आकसते. सांध्यावर केसासारखी चीर पडते, तिथून पाणी शिरते आणि थरावर थर चढलेला रंग ते वाळू देत नाही. लाकडातील ओलावा वीस टक्क्यांवर दीर्घकाळ राहिला की बुरशी धरते. खिडकीच्या झडपेची खालची कडा पाहावी: समोरून रंग लखलखीत, पण उभ्या पट्टीचे कापलेले टोक कोरेच राहिलेले, आणि नेमके तेच टोक सर्वांत जास्त पाणी पिते, तिथे अंगठा दाबला तर रंगाखालचे लाकूड दबते.

१९५३ मध्ये बाजारात आलेल्या ॲक्रिलिक इमल्शनने, म्हणजे पाण्यात कालवायच्या रंगाने, लाकडातल्या वाफेला वाट दिली, शिवाय त्याचा थर लवचीक राहतो. घरगुती रंगांतील शिशावर ९० पीपीएमची (दहा लाख भागांत ९० भाग) मर्यादा घालणारे भारतातले नियम २०१६चे आहेत. त्याआधीच्या थरांत विषारी शिसे असू शकते, म्हणून असे लाकूड कोरडे घासू नये, पाणी मारून घासावे आणि खाली पडलेला चुरा ओल्या फडक्याने उचलावा.