सेवाकरार, गोव्यातील

सेवाकरार, गोव्यातील : एकाने दुसऱ्यासाठी मोबदला घेऊन काम करण्याच्या संबंधाला १८६७च्या पोर्तुगीज नागरी संहितेने गोव्यात दिलेले कायदेशीर रूप, आणि १९६१नंतर भारतीय कामगार कायद्यांनी त्याची घेतलेली जागा. विवाह, मालमत्ता व वारसा यांच्या संदर्भात या संहितेवर विपुल लेखन झाले आहे. कामाच्या मोबदल्याविषयीची तिची प्रकरणे त्या मानाने दुर्लक्षित राहिली.

संहिता गोव्यात कधीपासून लागू झाली, याबाबत प्रचलित लेखनात गोंधळ आढळतो. अंतोनियु लुईश द सेआब्रा यांनी सिद्ध केलेल्या मसुद्याला १ जुलै १८६७च्या राजपत्राने मंजुरी मिळाली आणि पोर्तुगालमध्ये ती २२ मार्च १८६८पासून अंमलात आली. सागरपार प्रांतांना ती १८ नोव्हेंबर १८६९च्या फर्मानाने लावण्यात आली व तिथला अंमल १ जुलै १८७०पासून सुरू झाला. दोन्ही ठिकाणी ‘१ जुलै’ आल्यामुळे गोव्यातला अंमलही १८६७पासूनच धरण्याची चूक वारंवार होते. मंजुरी आणि अंमल यांत फरक केला, तर गोव्यापुरते १८७० हेच साल स्वीकारणे योग्य ठरते. कामगारांच्या दृष्टीने हा तीन वर्षांचा फरक किरकोळ नाही, कारण याच अवधीत, २५ फेब्रुवारी १८६९च्या फर्मानाने, पोर्तुगीज अंमलाखालील सर्व प्रदेशांतील गुलामीचा दर्जा रद्द झाला. मुक्त केलेल्यांवर आधीच्या मालकाची सेवा करण्याचे बंधन काही वर्षांपुरते ठेवले होते. ते २९ एप्रिल १८७८ला संपायचे होते, पण १८७५च्या कायद्याने त्याआधीच काढण्यात आले. म्हणजे ‘सेवा हा करार आहे’ असे सांगणारी संहिता गोव्यात आली, तेव्हा करार नसलेली सेवा कायद्याच्या पुस्तकात अजून शिल्लक होती.

संहितेने सेवेचे प्रकार पाडले आहेत. कलम १३७०पासून घरगुती सेवा येते : जो मालकासोबत राहून ठरावीक मोबदल्यावर तात्पुरती सेवा देतो, तो घरगुती सेवक. ‘तात्पुरती’ हा शब्द महत्त्वाचा आहे. आयुष्यभरासाठी केलेला सेवाकरार संहितेने शून्यवत ठरवला. कलम १३९१मध्ये रोजंदारीची व्याख्या आहे : दिवसामागे किंवा तासामागे ठरलेल्या मोबदल्यावर केलेले काम, आणि त्या मोबदल्याचे नाव मजुरी. कलम १३९६पासून मक्त्याचे काम येते. त्यात साहित्य कोणीही पुरवो, मोबदला झालेल्या कामाच्या प्रमाणात मिळतो. शिकाऊ उमेदवारीच्या प्रकरणात मुलांच्या कामाचे तास मर्यादित केले होते. चौदा वर्षांखालील शिकाऊ मुलाला दिवसाला नऊ तासांपेक्षा जास्त आणि अठरा वर्षांखालील मुलाला बारा तासांपेक्षा जास्त राबवता येत नसे. आज हे तास क्रूर वाटतात. पण कामाच्या तासांवरची या संहितेतली स्पष्ट मर्यादा एवढीच, आणि ती फक्त शिकाऊंपुरती. प्रौढ मजुराने किती वेळ राबावे, आजारपणात काय, अपघातात काय, हे ‘समान’ पक्षांच्या आपसांतल्या करारावर सोडले होते.

ही वर्गवारी गोव्याच्या भाटात, म्हणजे माडांच्या बागेत, नेऊन पाहिली की तिच्या मर्यादा उघड होतात. माडावर चढून नारळ उतरवणारा पाडेली साधारण तीन महिन्यांनी पाडणीला येतो. त्याचा हिशेब माडांवर होतो, आणि मोबदल्यात पैशांबरोबर नारळही असत. दिवस किंवा तास मोजला जात नसल्याने कलम १३९१च्या व्याख्येत तो मजूर ठरत नाही. मोबदला कामाच्या प्रमाणात मिळतो म्हणून त्याला मक्तेदार म्हणावे, तर मक्त्याच्या व्याख्येला ‘करून द्यायची वस्तू किंवा बांधकाम’ अपेक्षित आहे. नारळ उतरवणे त्यात बसवायचे तर शब्द ताणावे लागतात. रेंदेराचे, म्हणजे माडाचा रस (सूर) काढणाऱ्याचे, त्याहून वेगळे. तो सुरेसाठी माड घेतो आणि माडामागे भाटकाराला, म्हणजे भाटाच्या मालकाला, खंड देतो. कायद्याच्या नजरेत तो काम करणारा नसून भाडेपट्टेदार होतो, मग सकाळ-संध्याकाळ माडावर चढून त्याचे अंग कितीही झिजो. संहिता पोर्तुगालमध्ये लिहिली गेली, आणि तिच्या डोळ्यांसमोर तिथला घरनोकर व शेतमजूर होता, हे या दोन उदाहरणांवरून कळते.

सगळ्यात मोठी फट मुंडकाराच्या बाबतीत राहिली. मुंडकार म्हणजे भाटकाराच्या जमिनीवर त्याच्या संमतीने घर करून राहणारा. राहण्याच्या बदल्यात त्याने भाटाची राखण करायची, माडांना शिंपणे करायचे, पावसाआधी कुंपण घालायचे, भाटकाराच्या घरी लग्नकार्य असले की सगळ्या कुटुंबाने राबायचे. याची मजुरी ठरलेली नसे. डोक्यावरचे छप्पर हीच मजुरी. संहितेच्या भाषेत हा घरगुती सेवक नव्हे, कारण तो मालकासोबत राहत नाही, मालकाच्या जमिनीवर राहतो. रोजंदार नव्हे, कारण रोज नाही. भाडेकरूही नव्हे, कारण भाडे नाही. काही अभ्यासक या संबंधाला जमीनविषयक संबंध मानून कामगार कायद्याच्या इतिहासातून वगळतात. प्रस्तुत नोंदीत तो कामाचा संबंध मानला आहे. सेवा नाकारल्याची शिक्षा घर सोडावे लागण्याची असेल, तर घर हा त्या सेवेचाच मोबदला असतो. मुंडकारांसाठी पोर्तुगीज सरकारला १९०१मध्ये वेगळे फर्मान काढावे लागले, यावरूनही संहितेतली प्रकरणे त्यांना पुरली नव्हती असे दिसते.

नव्या काबिजादींत, म्हणजे पोर्तुगीजांनी मागाहून मिळवलेल्या पेडणे, डिचोली, सत्तरी, फोंडा, सांगे, केपे, काणकोण या भागांत, स्थानिक रूढींची नोंद संहितेच्या आधीच झाली होती. १८५३च्या रूढिसंहितेची पोर्तुगीज व मराठी अशी द्विभाषिक आवृत्ती फिलिप नेरी शाव्हियेर यांनी सिद्ध केली. गोव्यातील कायदेविषयक मराठीचा तो महत्त्वाचा पुरावा आहे. पुढे १६ डिसेंबर १८८०च्या फर्मानाने गोव्यातील हिंदूंच्या रूढी मान्य केल्या, परंतु त्यांचा रोख विवाह, दत्तक व एकत्र कुटुंब यांवर होता. एकत्र कुटुंबाच्या कुळागरात (सुपारी-नारळाच्या बागेत) राबणारा धाकटा भाऊ किंवा विधवा भावजय हे सेवाकरारात येत नसत. त्यांच्या कामाला मोबदला नव्हता, कुटुंबातला वाटा होता, आणि तोही असलाच तर.

पोर्तुगालमधील प्रजासत्ताकाच्या काळात (१९१०नंतर) गोव्यात विवाह व नागरी नोंदणीचे कायदे बदलले. पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझार याच्या राजवटीतील १९३३च्या संविधानाने, आपले हित साधण्यासाठी काम बंद पाडण्यास भांडवल व श्रम या दोघांनाही मनाई केली. कागदावर ही मनाई दोघांना सारखी होती. प्रत्यक्षात तिचा भार मुरगाव बंदरातला हमाल आणि खाणीवरचा मजूर यांनीच उचलला. कारण संप हे एकच हत्यार होते, आणि ते मजुराकडे होते.

१९ डिसेंबर १९६१ला गोवा मुक्त झाला. १९६२च्या गोवा, दमण व दीव प्रशासन कायद्याच्या कलम ५ने, सक्षम विधिमंडळ वा अधिकारी बदल करीपर्यंत, जुने कायदे चालू ठेवले. त्याच वर्षीच्या विनियमाने औद्योगिक विवाद कायदा (१९४७), कामगार संघटना कायदा (१९२६) यांसारखे केंद्रीय कायदे लागू झाले. भारतीय करार कायदाही त्याच सुमारास आला. मग संहितेतील सेवाकराराची प्रकरणे रद्द झाली, की नवे कायदे जिथे पोचत नाहीत तिथे ती उरली? याचे थेट उत्तर देणाऱ्या निवाड्यांऐवजी मुदतीच्या कायद्यावरील (दावा किती काळात दाखल करावा हे ठरवणाऱ्या कायद्यावरील) दोन निवाड्यांचा आधार घ्यावा लागतो. जुस्तिनियानु बार्रेतु विरुद्ध आंतोनियु फोन्सेका (१९७९) या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने संहितेतील मुदतीचे नियम स्थानिक कायदा म्हणून टिकल्याचे मानले. सिंडिकेट बँक विरुद्ध प्रभा नाईक (२००१) यात हा विचार बाजूला सारून, त्याच विषयावर सर्वंकष केंद्रीय कायदा आला की जुना नियम गळून पडतो, अशी भूमिका घेतली. दुसरी भूमिका अधिक सुसंगत आहे. ती सेवाकरारालाही लावली, तर ही प्रकरणे १९६०च्या दशकाच्या आरंभीच निर्जीव झाली असे मानावे लागते. ज्झुझे पावलु कुतिन्यु खटल्यात (२०१९) सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की संहितेचा जो भाग आज गोव्यात चालतो तो भारतीय कायद्याच्या बळावर चालतो. तो भाग प्रामुख्याने कुटुंबविषयक आहे. वारसाहक्काची जागाही आता २०१२च्या गोव्याच्या स्वतंत्र कायद्याने घेतली आहे.

मुंडकाराला न्याय मिळाला तो कामगार कायद्याऐवजी जमीन कायद्यातून. मुख्यमंत्री दयानंद बांदोडकर यांच्या कारकिर्दीत १९६४चा कृषी कूळ कायदा झाला. मुख्यमंत्री शशिकला काकोडकर यांच्या काळात १९७५चा मुंडकार संरक्षण कायदा आणि १९७६ची कूळ कायद्याची पाचवी दुरुस्ती झाली. मुंडकार कायद्यातील व्याख्येत ‘भाटकाराची सेवा करण्याचे बंधन असो वा नसो’ असे शब्द आहेत. या शब्दांनी घर आणि चाकरी यांची गाठ सोडवली. आता भाटकाराने बोलावले आणि मुंडकाराची बाई कामाला गेली नाही, म्हणून तिची चूल बाहेर काढता येत नव्हती. पंचायत क्षेत्रात ३०० चौरस मीटरपर्यंत आणि इतरत्र २०० चौरस मीटरपर्यंत जागा घरासह विकत घेण्याची तरतूदही या कायद्यात आहे.

पोर्तुगालने १९६६मध्ये नवी नागरी संहिता केली. तिने श्रमकराराची फक्त व्याख्या दिली (कलम ११५२) आणि बाकी सारे स्वतंत्र कायद्यावर सोपवले. १ जून १९६७ला ती अंमलात आली, तेव्हा गोवा पोर्तुगीज अंमलाबाहेर पडून साडेपाच वर्षे झाली होती. त्यामुळे गोव्यात जुनी संहिता राहिली आणि तिच्या मायदेशी ती इतिहासजमा झाली. भारतात २९ केंद्रीय कामगार कायदे एकत्र करून केलेल्या चार श्रमसंहिता २१ नोव्हेंबर २०२५पासून लागू झाल्या आहेत.

घरगुती कामगाराची स्थिती मात्र वेगळी आहे. १८६७च्या संहितेत सेवाकराराचे पहिले प्रकरण त्याच्यासाठी होते. १९७५च्या मुंडकार कायद्याने मालकाच्या आवारात राहणाऱ्या घरगुती नोकराला मुंडकाराच्या व्याख्येतून वगळले. २०२०च्या औद्योगिक संबंध संहितेनेही घरगुती सेवा ‘उद्योग’ या व्याख्येबाहेर ठेवली आहे. कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाविरुद्धच्या २०१३च्या कायद्यात तिचा उल्लेख नावानिशी आहे. पण पणजी-मडगावच्या सदनिकांत सकाळी तीन घरची भांडी उरकून चौथ्या घरी जाणाऱ्या बाईला अचानक ‘उद्यापासून येऊ नको’ म्हटले गेले, तर औद्योगिक विवाद म्हणून दाद मागायला तिला दार नाही.