पुस्तक मिटल्यावर

रस्त्यात कुणी भेटतं, चेहरा लगेच ओळखू येतो, पण नाव काही केल्या आठवत नाही. धडा पुन्हा पुन्हा वाचला की नेमकं हेच होतं. ओळी ओळखीच्या होतात आणि आपण म्हणतो, ‘झालं पाठ!’

सेंट लुईसच्या वॉशिंग्टन विद्यापीठातल्या हेन्री रोडिगर आणि जेफ्री कार्पिकी यांनी २००६ साली ही फसगत आकड्यांत मांडली. विद्यार्थ्यांना एक छोटा उतारा दिला. एका गटाने चारही बैठकांत तो नुसता वाचला, सरासरी चौदा वेळा. दुसऱ्या गटाने पहिल्या बैठकीत वाचला आणि पुढच्या तिन्ही बैठकांत कोऱ्या कागदावर आठवेल तेवढं लिहिलं. काय चुकलं, हेही त्यांना कुणी सांगितलं नाही. पाच मिनिटांनी चाचणी घेतली तेव्हा वाचणारे पुढे होते: ८३ टक्के विरुद्ध ७१. आठवड्याने मात्र वाचणाऱ्यांकडे ४० टक्के उरलं, आठवून लिहिणाऱ्यांकडे ६१. गंमत म्हणजे, आपल्या लक्षात राहील याची जास्त खात्री वाचणाऱ्यांनाच होती.

म्हणजे आठवायला लावणं ही नुसती तपासणी नाही. शिकण्यातला मोठा भाग तिथेच घडतो. आपल्याकडे दिवेलागणीला परवचा म्हणत, त्यात हे थोडंफार होतंच. थोडंफार अशासाठी, की सुरात सूर मिसळून पाढा म्हणताना शेजारच्याच्या आवाजावर तरून जाता येतं. मधूनच ‘सात सक किती?’ असं विचारलं की खरी शोधाशोध सुरू होते.

वर्गात यासाठी वेगळा खर्च लागत नाही. तासाच्या सुरुवातीला पुस्तकं मिटून कालचं जे आठवेल ते प्रत्येकाने पाटीवर किंवा वहीत लिहायचं, मग पुस्तक उघडून आपलं आपण तपासायचं. गुण मात्र द्यायचे नाहीत. गुण आले की भीती येते. आणि ‘प्रत्येकाने’ हे महत्त्वाचं, नाहीतर पहिल्या बाकावरच्या दोघांचे हात वर होतात आणि बाकीचे सुटतात.

अडचण वेगळीच आहे. अमेरिकन संशोधक मेरी बड रो यांनी १९७०च्या दशकात वर्गांतली ध्वनिमुद्रणं तपासली, तेव्हा प्रश्न विचारल्यावर शिक्षक जेमतेम सेकंदभर थांबत असल्याचं दिसलं. तेवढ्यात आठवणार काय? शिक्षक तीन सेकंद थांबू लागल्यावर मुलांची उत्तरं लांबली, आणि एरवी गप्प बसणारी मुलंही बोलू लागली.