पॅट समिट आणि २००७ मध्ये थांबलेला सामना

टेनेसी आणि कनेक्टिकट या दोन विद्यापीठांच्या महिला बास्केटबॉल संघांची दरवर्षीची लढत २००७ साली बंद पडली. ती बंद करण्याचा निर्णय टेनेसीच्या प्रशिक्षक पॅट समिट यांचा होता. त्या वेळी त्यांनी कारण सांगितलं नाही, म्हणून तर्कांना ऊत आला, आणि आजही त्यांच्या कारकिर्दीवर कुणी बोलू लागलं की विजेतेपदांच्या आधी हाच विषय निघतो. या निर्णयाकडे केवळ कनेक्टिकटच्या प्रशिक्षकांशी झालेल्या भांडणाचा शेवट म्हणून पाहणं अपुरं आहे. नकार देणं ही समिट यांची फार जुनी रीत होती, आणि ती १९७० च्या दशकापासून दिसते.

१९७४ मध्ये त्या टेनेसी विद्यापीठात आल्या त्या पदव्युत्तर शिक्षण घेता घेता सहाय्यकाचं काम करायला. आधीच्या प्रशिक्षक निघून गेल्या आणि बावीस वर्षांच्या मुलीच्या हाती संघ आला. महिना २५० डॉलर मानधन, संघाची गाडी स्वतः चालवायची, गणवेश स्वतः धुवायचे. काही खेळाडू त्यांच्याहून जेमतेम वर्षभराने लहान होत्या. पहिला सामना एका गुणाने हरला. त्याच काळात दुखावलेला गुडघा सावरून त्या स्वतःही खेळत होत्या. १९७६ च्या माँट्रियल ऑलिम्पिकमध्ये त्यांनी अमेरिकेकडून रौप्यपदक मिळवलं आणि १९८४ मध्ये लॉस एंजेलिसला प्रशिक्षक म्हणून सुवर्ण.

पहिला मोठा नकार याच सुरुवातीच्या वर्षांतला. टेनेसी राज्यातल्या शाळांमध्ये मुली तेव्हा सहा-सहाच्या संघांनी खेळत. तीन जणी फक्त आक्रमण करायच्या, तीन जणी फक्त बचाव, आणि मधली रेषा कुणीच ओलांडायची नाही. बचावातल्या मुलीने शाळेची सगळी वर्षं खेळून एकदाही बास्केटवर चेंडू टाकलेला नसे. मुलींना पूर्ण मैदान झेपणार नाही, असा त्यामागचा समज. मुलं मात्र पाच-पाच जणांचा पूर्ण मैदानाचा खेळ खेळत, महाविद्यालयातल्या मुलीही तसाच खेळत. साहजिकच शिष्यवृत्ती देताना प्रशिक्षकांची नजर बाहेरच्या राज्यांकडे वळे. ओक रिज गावातली बचावाच्या जागेवर खेळणारी एक शाळकरी मुलगी याविरुद्ध कोर्टात गेली. १९७६ मध्ये खालच्या न्यायालयाने तिच्या बाजूने निकाल दिला, पुढच्या वर्षी अपील न्यायालयाने तो फिरवला. कायद्याची वाट तिथे संपली. समिट यांनी मात्र उघडपणे सांगितलं, की नियम बदलला नाही तर आपल्याच राज्यातल्या मुली आपण संघात घेणार नाही. राज्याच्या विद्यापीठात पगार घेणाऱ्या तरुण प्रशिक्षिकेने असं बोलणं सोपं नव्हतं. १९७९ मध्ये शालेय संघटनेने पूर्ण मैदानाचा खेळ स्वीकारला. बदलाची कारणं एकाहून अधिक होती, पण त्या दबावात समिट यांचा वाटा मोठा होता आणि त्याची आठवण फार कमी वेळा काढली जाते.

१९८१-८२ च्या हंगामापासून राष्ट्रीय स्पर्धा महिलांनीच चालवलेल्या संघटनेकडून पुरुषांच्या खेळाचा कारभार पाहणाऱ्या मोठ्या संघटनेकडे गेली. पैसा आणि दूरचित्रवाणी आली, महिला संघांवर पुरुष प्रशिक्षकांची संख्या हळूहळू वाढत गेली. टेनेसीचं पहिलं राष्ट्रीय विजेतेपद १९८७ चं. त्यानंतर १९८९, १९९१, मग १९९६ ते ९८ सलग तीन. १९९७-९८ चा हंगाम तर ३९ विजय, शून्य पराभव. पुरुष संघाची सूत्रं घेण्याबद्दल त्यांना दोनदा विचारणा झाली आणि दोन्ही वेळा त्यांनी नाही म्हटलं. पुरुषांकडे जाणं म्हणजे बढती कशी, हा त्यांचा सवाल होता.

कनेक्टिकटशी पहिला सामना १६ जानेवारी १९९५ चा. एका क्रीडा वाहिनीला सुट्टीच्या दिवशी महिलांची मोठी लढत दाखवायची होती. हंगामाच्या ऐन मध्यात दूरच्या प्रबळ संघाच्या मैदानावर जाऊन खेळायला प्रतिस्पर्धी सहज मिळत नव्हता. समिट गेल्या, आणि ७७-६६ असा पराभव घेऊन परतल्या. त्याच वर्षी अंतिम सामन्यातही कनेक्टिकटने त्यांना हरवलं. ही लढत सुरू झाली ती समिट यांच्या होकारामुळे, आणि तो होकार खेळाच्या भल्यासाठी होता. पुढच्या बारा वर्षांत महिला बास्केटबॉलकडे कधी न फिरकलेला प्रेक्षक या एका सामन्यासाठी टीव्हीसमोर बसला. जानेवारी २००६ मध्ये टेनेसी विद्यापीठाच्या नॉक्सव्हिल शहरात या सामन्यासाठी २४,६५३ लोक आले होते.

मग २००७ चा नकार. हरण्याला कंटाळून त्यांनी माघार घेतली, असं तेव्हा म्हटलं गेलं आणि अजूनही म्हटलं जातं. एकूण २२ सामन्यांपैकी १३ कनेक्टिकटने जिंकले होते, चार अंतिम सामन्यांत चारही वेळा टेनेसी हरली होती, हे खरंच आहे. पण शेवटचे तीन सामने टेनेसीने जिंकले होते आणि त्या वसंत ऋतूत राष्ट्रीय विजेतेपदही त्यांच्याकडेच होतं. पळ काढणारा माणूस जिंकत असताना पळत नाही.

खरा मुद्दा खेळाडू मिळवण्याच्या पद्धतींचा होता. शाळेत असलेल्या एका अत्यंत गुणी खेळाडूसाठी दोन्ही विद्यापीठं प्रयत्न करत होती आणि तिने कनेक्टिकट निवडलं. टेनेसीने कनेक्टिकटच्या पद्धतींबद्दल तक्रार केली. त्यात त्या मुलीला क्रीडा वाहिनीचं कार्यालय दाखवण्याची सोय करून दिल्याची बाब होती. राष्ट्रीय संघटनेने तो किरकोळ स्वरूपाचा नियमभंग ठरवला. समिट यांनी मात्र ज्यांच्या वागण्यावर विश्वास उरला नाही त्यांच्याशी करार वाढवायचा नाही, असं ठरवलं. हातात असलेली गोष्ट रोखून धरायची, हे तीस वर्षांपूर्वीच्या सहा-सहाच्या वादातलंच हत्यार. तेव्हा राज्यातल्या मुलींना घेणार नाही, आता यांच्याशी खेळणार नाही.

फरक एवढा, की पहिल्या वेळी नियम बदलला आणि मुलींचा फायदा झाला, दुसऱ्या वेळी बदललं काहीच नाही. किंमत खेळाडूंनी मोजली. २००८ मध्ये दोन्ही संघ शेवटच्या चारांत पोहोचले होते, पण उपांत्य फेरीत स्टॅनफर्डने कनेक्टिकटला हरवलं आणि अंतिम सामन्यात टेनेसीने स्टॅनफर्डला. समिट यांचं ते आठवं आणि शेवटचं विजेतेपद. त्यांचा राग समजण्यासारखा होता, तो खोटा नव्हता. तरीही कारण त्याच वेळी स्पष्ट सांगितलं असतं तर निर्णयाचं वजन वाढलं असतं असं मला वाटतं. गप्प राहिल्यामुळे तत्त्वाचा प्रश्न मागे पडला आणि दोन प्रशिक्षकांचं वैर तेवढं लोकांच्या लक्षात राहिलं.

ऑगस्ट २०११ मध्ये, एकोणसाठाव्या वर्षी, आपल्याला अल्झायमरचा आजार झाल्याचं त्यांनी स्वतःहून जाहीर केलं. या वेळी त्या गप्प राहिल्या नाहीत, आणि काम लगेच सोडायलाही तयार झाल्या नाहीत. सहाय्यकांच्या मदतीने आणखी एक हंगाम पूर्ण केला आणि एप्रिल २०१२ मध्ये पद सोडलं. ३८ हंगाम, १०९८ विजय, २०८ पराभव. विद्यापीठाकडून खेळण्याची मुभा असलेली सगळी वर्षं पूर्ण केलेली त्यांची प्रत्येक खेळाडू पदवी घेऊनच बाहेर पडली, ही गोष्ट मला विजयांपेक्षा मोठी वाटते. आजाराविरुद्ध त्यांनी उभारलेल्या निधीला कनेक्टिकटच्या प्रशिक्षकांनी दहा हजार डॉलर दिले.

२८ जून २०१६ रोजी समिट गेल्या. दोन्ही विद्यापीठं पुन्हा समोरासमोर आली ती जानेवारी २०२० मध्ये, कनेक्टिकटमधल्या हार्टफर्डला, आणि कनेक्टिकटने ६०-४५ असा विजय मिळवला. टेनेसीला कनेक्टिकटला पुन्हा हरवायला ६ फेब्रुवारी २०२५ उजाडावा लागला. नॉक्सव्हिलच्या ज्या मैदानाला समिट यांचं नाव आहे, तिथेच ८०-७६.